देवरावांच्या ताटावरचा कॅमेरा

देवराव तायडे आमच्या शाळेत शिपाई होते. मी नांदगाव खंडेश्वरला १९८६ साली शिक्षिका म्हणून रुजू झाले तेव्हा त्यांच्या नोकरीला सात वर्षं झाली होती, आणि ते निवृत्त झाले तेव्हा माझी दोन वर्षं उरली होती. मधली अठ्ठावीस वर्षं मी त्यांच्या घंटेवर वर्गात गेले आणि त्यांच्याच घंटेवर बाहेर आले. नोकरीत असताना मी त्यांना ‘देवराव’ म्हणत असे. ‘देवरावभाऊ’ म्हणायला लागले ते निवृत्तीनंतर. आता लिहिताना हे खटकतं, पण होतं ते असं.

माणूस अतिशय नीटनेटका. पांढरा सदरा, तो घरी त्यांची बायको मनकर्णाबाई धूत, पण इस्त्री ते स्वतः करत. खिशात चार घड्यांचा रुमाल. घंटेच्या खोलीत त्यांनी एका डबीत सुईदोरा आणि वेगवेगळी बटणं ठेवली होती. बटण तुटलेलं पोरगं दिसलं की त्याला उभं करून शर्ट अंगावर असतानाच बटण लावून देत. ‘पोट्ट्याचा एक हात सदऱ्यावर राह्यते मॅडम, मंग थे लिहीन कोन्या हातानं?’ असं मला एकदा म्हणाले होते. बोलणं एवढंच. कामापुरतं, आणि थोडं हसून.

त्यांना जेवताना मात्र मी कधी पाहिलं नाही. मधल्या सुट्टीत ते पाण्याच्या टाकीमागे जात आणि भिंतीकडे तोंड करून डबा खात. कोणी तिकडून गेलं तर हात थांबे, आणि तो माणूस जाईपर्यंत थांबलेला राही. घरीही तसंच. मनकर्णाबाई याची थट्टा करत. “लगन झाल्यावर पंधरा दिवस मले वाटे, ह्या मानसाले दातच नसन. कवा दाखोलेच नाई!” देवराव यावर नुसतं ‘हं’ म्हणत आणि उठून जात.

त्यांना दोन मुलं. धाकटी दीक्षा अकोल्याला सरकारी दवाखान्यात परिचारिका आहे. थोरला धर्मेंद्र माझा विद्यार्थी. अभ्यासात बेताचा, पण वहीच्या शेवटच्या पानावर माझं चित्र इतकं हुबेहूब काढलं होतं की मला रागावताच आलं नाही. पुढे तो अमरावतीला लग्नांचं व्हिडिओ शूटिंग करू लागला. राजापेठेत त्याचा स्टुडिओ आहे, घर आहे, बायको आरती आहे. मी त्याला बऱ्याच लग्नांत काम करताना पाहिलंय. स्टेजच्या पायरीवर एक गुडघा टेकून तो म्हणायचा, “काकाजी, हार एकदा अजून. काकू, तुमी थोडं हसून. झालं, झालं, एकदा अजून.” आणि लोक निमूटपणे हार काढून पुन्हा घालायचे. सासरी निघालेल्या मुलीला त्याने दोनदा रडायला लावलेलं मी पाहिलंय. कोणाला त्यात काही वावगं वाटत नसे, कारण लग्नात शूटिंगवाल्याचं ऐकायचं असतं.

२०२१च्या दिवाळीनंतर देवरावांना लकवा मारला. उजवा हात, उजवा पाय आणि बोलणं, तिन्ही एकदम गेलं. समज पूर्ण शाबूत. तोंड उजवीकडे किंचित ओघळलं. मनकर्णाबाई भाकर वरणात कुस्करून चमच्याने भरवू लागल्या. भरवतानाही ते मान भिंतीकडे वळवून ठेवत, आणि त्या पलंगाच्या आणि भिंतीच्या मधल्या चिंचोळ्या जागेत शिरून, तिथे बसून भरवत.

त्याच सुमारास अमरावतीच्या एका कॉलेजात तीन दिवसांचं माहितीपटांचं शिबिर झालं. पुण्याहून आलेल्या बाईंनी सांगितलं की दूर कुठे विषय शोधू नका, घरी जा, तुमच्या सगळ्यात जवळच्या माणसाकडे कॅमेरा लावा. धर्मेंद्रने ते मनावर घेतलं. चौदा महिने, लग्नं नसतील त्या आठवड्यांत, तो नांदगावला येऊन बापाला टिपत राहिला. त्याला वीस वर्षांत पहिल्यांदा स्वतःचं काही करावंसं वाटलं होतं, आणि ते त्याच्या चेहऱ्यावर दिसायचं. मला फार बरं वाटलं होतं.

एकतीस मिनिटांची फिल्म झाली. नाव ‘देवराव’. लॅपटॉप घेऊन तो माझ्याकडे आला.

फिल्म खरंच चांगली होती. काठीच्या आधाराने बाप अंगणात पावलं मोजतो ते, डाव्या हाताने सदऱ्याची बटणं लावतो ते. आणि मग ते जेवण. कॅमेरा अगदी जवळ. चमचा ओठांशी येतो. ओठ मिटलेले. मनकर्णाबाईंचा हात जरा जोर करतो, वरण आत जातं आणि उजव्या कोपऱ्यातून हनुवटीवर उतरतं. डावा हात रुमाल घेऊन वर येतो, पण चुकतो, गालाला लागतो. पुन्हा चमचा. आणि देवरावांच्या डोळ्यांतून पाणी येतं. दोन मिनिटांचा प्रसंग असेल. मला हुंदका आवरला नाही.

धर्मेंद्र माझ्याकडे न पाहता म्हणाला, “मॅडम, हे ठेवू का?”

“का बरं? यात काय आहे?”

“नाई, बाबाइचं तसं हाये ना. जेवताना कोनी पायलेलं त्याइले चालत नाई.”

मला ते त्याच्यापेक्षा जुनं माहीत होतं. तरी मी म्हणाले, “ठेव. खरं आहे ते. सगळ्या फिल्ममध्ये हेच सगळ्यात खरं आहे.”

निबंधाला शेरा द्यावा तसं मी ते बोलले. तो एकदम हलका झाला आणि चहा पिऊन गेला.

अकोल्याला एका महाविद्यालयाच्या सभागृहात फिल्म पहिल्यांदा लोकांसमोर दाखवली. मी धर्मेंद्रच्या गाडीतून गेले. दीक्षा ड्यूटी बदलून आली होती. ऐंशीएक माणसं असतील. जेवणाच्या प्रसंगाला पुढच्या रांगांतून रुमाल बाहेर निघाले. माझ्या शेजारच्या खुर्चीवरून दीक्षा उठली आणि बाहेर गेली. मला वाटलं, रडू आवरायला गेली असेल.

शेवटी टाळ्या झाल्या. मीही वाजवल्या. एका प्राध्यापकांनी उभं राहून विचारलं, “ते डोळ्यांतलं पाणी! तो क्षण तुम्ही पकडलात कसा?”

धर्मेंद्र आधी बाटलीतलं पाणी प्यायला. मग म्हणाला, “काही केलं नाही सर. जसं घडलं तसं टिपलं.”

बाहेर गाडीपाशी दीक्षा उभी होती.

“बाबाइले विचारलं होतं तू?”

“बाबाइले बोलता येते का दीक्षा?”

“मान हालवता येते.”

“अवं, पन लोकाइनं पायलं ना कसं? सगळे रडून राहिले होते.”

“माह्या दवाखान्यातल्या चार जनी होत्या आत. उद्या मले म्हनतीन, तुह्या बापाले पायलं. काय पायलं, मी सांगू का तुले?”

तो माझ्याकडे पाहू लागला, मी काही म्हणेन म्हणून. मी गाडीत जाऊन बसले.

पुण्याच्या एका महोत्सवानेही फिल्म घेतली होती. शुक्रवारपर्यंत पक्की प्रत पाठवायची होती. त्या आनंदात धर्मेंद्रने नांदगावला येऊन लॅपटॉप टीव्हीला जोडला आणि बापाला उशा लावून बसवून पूर्ण फिल्म दाखवली. बापाने तोवर एकदाही ती पाहिली नव्हती. पाहून झाल्यावर देवरावांनी डोळे मिटले. धर्मेंद्रला वाटलं, झोप आली असेल.

त्या संध्याकाळपासून त्यांनी तोंड उघडलं नाही. चहा आणि पाणी कपाने घेत, तेही डाव्या हाताने, स्वतःच. अन्न आलं की दात घट्ट. पाचव्या दिवशी डॉक्टर येऊन सांगून गेले की आज दुपारपर्यंत पोटात काही गेलं नाही तर अमरावतीला भरती करा, नाकातून नळी घालावी लागेल. सकाळी साडेनऊला धर्मेंद्रचा मला फोन आला.

“मॅडम, बाबा जेवून नाई राहिले. तुमी याना जरा. तुमचं ऐकतीन.”

मी गेले. बाहेरच्या खोलीत पलंगावर देवराव भिंतीकडे तोंड करून पडले होते. मी ‘देवरावभाऊ’ म्हटलं. त्यांनी वळून पाहिलं, डोळ्यांनीच नमस्कार केला आणि पुन्हा भिंतीकडे वळले. मनकर्णाबाईंनी मला स्वयंपाकघरात ओढलं.

“मॅडम, तुमाले एक सांगतो. पोराले नका बोलू पन. त्या दिवशी पोट भरलं होतं त्याइचं.”

“कोणत्या दिवशी?”

“थे जेवाचं काढलं त्या दिवशी. धर्मानं पलंग मधात ओढला, भितीपासून दूर, उजेड पायजे म्हने. हे काई बोलले नाई. म्हनजे बोलतीन कसे! मंग म्या भरवलं, सगळं जेवले. ताट उचललं, तं हा म्हने, आई, फोकस गेला, एकदा अजून. म्या म्हटलं, बापू, आता कोठी जाईन थे? तं म्हने दोन मिनिट, आई, दोनच घास. म्या पुन्हा वाढलं. हे तोंड उघडेना. म्या चमचा दाबला, मॅडम. म्या दाबला.” त्या पदराचं टोक हातात पिळत होत्या. “लेकराचं काम हाये म्हनून दाबला. चौदा घास झाले. म्या मोजत होतो मनात.”

दुःखाचे म्हणून ऐंशी माणसं ज्या डोळ्यांकडे पाहून रडली, ते भरल्या पोटी बळेच घास कोंबल्याचे डोळे होते. आणि ‘हेच सगळ्यात खरं’ असं सर्टिफिकेट मी दिलं होतं.

मी बाहेर आले. धर्मेंद्र दाराच्या उंबऱ्यावर बसला होता. माझ्या चेहऱ्यावरून त्याला कळलं.

“आईनं सांगतलं?”

“अकोल्याला तू काय उत्तर दिलंस धर्मेंद्र?”

त्याने मान खाली घातली. चाळीस वर्षांचा माणूस, गृहपाठ न केलेल्या मुलासारखा. “सवय हाये मॅडम. तोंडातून निघूनच जाते. लग्नात कोनी नाई म्हनत नाई ना. त्या दिवशी त्याइच्या डोळ्यात पानी दिसलं तं मी मनात म्हटलं, आला शॉट.” मग म्हणाला, “मी असं म्हटलं मॅडम. बापाले पाहून.”

मला त्याला काही सुनवायचं होतं. पण कोणत्या तोंडाने?

 मग तो उठून आत गेला, लॅपटॉप आणला, पलंगाजवळ स्टुलावर ठेवला आणि स्वतः खाली फरशीवर बसला, म्हणजे त्याचं डोकं बापाच्या उशीच्या खाली आलं.

“बाबा. इकडे नका पाहू, फक्त ऐका. तुमचं पोट भरलं होतं, मले मालूम होतं. तरी मी आईले वाढाले लावलं. आन अकोल्याले खोटं बोललो. चुकलं माहं.”

त्याने लॅपटॉप उघडला.

“आता मी लावतो फिल्म. जिथं तुमाले नको वाटन, तिथं डावा हात वर करा. मी काढून टाकतो, तुमच्या डोयासमोर. सगळी काढा म्हनसान तं सगळी काढतो.”

 मनकर्णाबाई दारात उभ्या. मग देवरावांनी डाव्या कोपरावर जोर देऊन वळायचा प्रयत्न केला. धर्मेंद्र उठायला लागला तर त्याला हाताने थांबवलं आणि स्वतःच वळले. मनकर्णाबाईंनी पाठीमागे उशा दिल्या.

फिल्म सुरू झाली. बटणं लावण्याचा प्रसंग गेला, हात खालीच. अंगणात काठी सटकून ते बसकन पडतात, तो प्रसंग आला. मला वाटलं, आता हात वर होणार. फिल्ममध्ये मनकर्णाबाई ओरडतात, “पडले तं पडले, आता कायचा मुहूर्त पाहता, उठा!” देवरावांच्या घशातून आवाज निघाला. ते हसत होते. तो प्रसंग राहिला.

मागच्या पायरीवर बसून मनकर्णाबाई एकट्या रडतात, ते आलं. कॅमेरा खिडकीतून होता, त्यांना माहीत नव्हता. हात वर झाला. धर्मेंद्रने थांबवलं, तो भाग काढला, काढलेला दाखवला, पुढे गेला. दारातून मनकर्णाबाई म्हणाल्या, “हे कवा काढलं बाप्पा तू?” 

जेवणाचं ताट दिसलं मात्र, हात वर. पहिला चमचा उचलायच्या आधीच. धर्मेंद्रने प्रसंग काढला आणि मूळ चित्रणही मशीनमधून पुसलं. पुसतो आहे हे बापाला दाखवून, मग कळ दाबली.

आंघोळीचा भाग गेला. झोपेतला चेहरा गेला. दीक्षा त्यांची नखं कापते ते राहिलं. हात घंटेचा टोल द्यावा तसा नेमका वर जात होता. कुठेही दोनदा विचार नाही.

यात एक भाग माझाही होता. तो मी इतका वेळ सांगितला नाही, कारण सांगावासा वाटत नव्हता. शाळेच्या व्हरांड्यात खुर्चीवर बसून मी म्हणते, “देवराव म्हणजे आमच्या शाळेचा आधार. आम्ही सगळे एका घरातल्यासारखे होतो. कधी कोणी वेगळं मानलं नाही.” चांगली साडी नेसले आहे. आवाजही छान आला आहे.

हात वर झाला.

धर्मेंद्रने चमकून माझ्याकडे पाहिलं. त्याला वाटलं असावं, बापाचा हात चुकून उचलला गेला. त्याने विचारलं, “हे? मॅडमचं?” हात वरच होता. देवराव माझ्याकडे पाहत नव्हते. पडद्याकडे पाहत होते.

मी रुजू झाले त्या वर्षी आमच्या शिक्षकखोलीत पाण्याचा माठ होता. तो भरायचं काम दुसरे शिपाई डोमाजी यांच्याकडे होतं. घंटा, झाडलोट, टपाल, बँक, सगळं देवरावांकडे, पण माठाला त्यांनी हात लावायचा नाही. असा नियम कुठे लिहिलेला नव्हता. कोणी बोलतही नसे. मधल्या सुट्टीत आम्ही अकरा जण डबे उघडून गोल बसायचो, डोमाजीही कोपऱ्यात बसायचे. देवरावांना ‘या’ असं कोणी म्हटलं नाही. मी नवीन होते म्हणून पहिल्या वर्षी बोलले नाही. मग नवीन नव्हते तरी बोलले नाही. पुढे वॉटर फिल्टर आला, जुने लोक निवृत्त झाले आणि एक दिवस मी म्हणाले, ‘देवराव, या की आत जेवायला.’ तेव्हा चौदा वर्षं झाली होती. ते हसून म्हणाले, ‘आता सवय नाई राह्यली मॅडम.’ मी तेवढ्यावर समाधान मानलं, आणि पुढे कॅमेऱ्यासमोर ‘एका घरातल्यासारखे’ म्हणून सांगून आले.

त्या खोलीत हे सगळं मला एकदम आठवलं असं नाही. विसरलेच नव्हते.

“काढ,” मी धर्मेंद्रला म्हणाले. मग मला राहवेना. “देवरावभाऊ, मी पुन्हा बोलते. यावेळी खरं सांगते, माठाचं, सगळं. धर्मेंद्र, लाव कॅमेरा.”

देवरावांनी माझ्याकडे पाहिलं. राग नव्हता त्या नजरेत. एखाद्या मुलाने तास संपल्यावर पेपर लिहायला वेळ मागावा आणि त्यांनी पेपर गोळा करून घ्यावा, तसं पाहिलं. मान एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे. नाही.

धर्मेंद्रने माझा भाग पुसला.

एकतीस मिनिटांची फिल्म बारा मिनिटांची झाली. धर्मेंद्रने तिथेच बसून पुण्याला फोन लावला. पलीकडचं मला ऐकू येत नव्हतं. हा म्हणत होता, “हो, तो सीन नाही आता... नाही, तो मीच जुळवून आणला होता, रिटेक होता... समजतं मला... हो, यादीतून नाव काढून टाका.” फोन ठेवून त्याने हात चेहऱ्यावरून फिरवला. मला वाटलं, बाप आता त्याच्या डोक्यावर हात ठेवेल. तसं काही झालं नाही. देवराव लॅपटॉपकडे बोट दाखवत होते. तो बंद करून दूर ने, असं.

तो नेला. मग बोट स्वयंपाकघराकडे.

मनकर्णाबाई धावल्या. ताट आणलं, भाकर कुस्करलेली, वर वरण. नेहमीसारख्या भिंतीच्या बाजूला शिरून बसायला गेल्या, तर देवरावांनी चमचा त्यांच्या हातातून काढून घेतला. डाव्या हातात. ताट मांडीवर ठेवायची खूण केली. आणि मग दाराकडे खूण, आम्हा तिघांना.

आम्ही बाहेर आलो. मनकर्णाबाईंनी पडदा ओढला. धर्मेंद्र अंगणात बाजेवर बसला, मी खुर्चीवर. आत चमचा ताटाला लागल्याचा आवाज आला. मग बराच वेळ काही नाही. मग पुन्हा एकदा.

“सांडवतीन सगळं,” मनकर्णाबाई हळूच म्हणाल्या. “चादर धुवा लागन.” पण उठल्या नाहीत.

अकोल्याला त्या सभागृहात ज्यांनी पाहिलं, त्यांच्या डोळ्यांतून ते पुसता येणार नाही, हे आम्ही तिघेही जाणून होतो. बाजारात, बसस्टँडवर कोणी ना कोणी भेटणार, ‘तुमची फिल्म पाहिली’ म्हणणार. धर्मेंद्र नखाने बाजेची सुतळी कोरत होता. मी त्याच्याकडे पाहत नव्हते, तो माझ्याकडे पाहत नव्हता.

पाऊण तास झाला. त्याच्या फोनवर दीक्षाचा फोन आला. त्याने तो आईच्या हातात दिला.

“जेवले का वं?” पलीकडचा आवाज मलाही ऐकू आला.

मनकर्णाबाईंनी पडद्याकडे कान दिला, आणि आवाज अगदी बारीक करून म्हणाल्या, “जेवून राहिले. नंतर फोन कर.”